जी अक्षराचं पान

“मिस्टर विलास, तुमचा फोन नेदरलँडमध्ये असतो म्हणे.”

मार्थानं हे विचारलं तेव्हा माझा डोळा पॅनच्या काचेला लागलेला होता. साखर कारखान्यात पॅन म्हणजे दोन मजली उंचीचं बंद भांडं. त्यात उसाचा पाक शिजतो आणि एका नेमक्या क्षणी त्यात साखरेचा दाणा धरतो. तो क्षण हुकला की आठ तासांच्या मेहनतीचा चिखल. त्या वेळी पॅनमनला कुणी हाक मारत नाही. मार्था कारखान्याची केमिस्ट होती, दर दोन तासांनी पाकाचा नमुना न्यायला यायची, तिला हे पुरतं ठाऊक होतं. म्हणून मी चमकलो ते प्रश्नापेक्षा तिनं साधलेल्या वेळेमुळे.

“कोण म्हणतं?”

“सदा.”

“सदा काहीही बोलतो, मिस गेब्रिएल.”

ती हसली. मी तिला मिस गेब्रिएल म्हटलं की ती नेहमीच हसायची. तिच्या छातीवरच्या बिल्ल्यावर मार्था पेट्रोस गेब्रिएल असं नाव होतं. मी आपला रीतीनं वागायचो. तिथले लोक मात्र मला सरसकट मिस्टर विलास म्हणायचे, अगदी झाडूवालासुद्धा. भोकरे हे आडनाव त्यांना उच्चारता येत नसेल, अशी मी मनाची समजूत घातली होती.

देशाचं नाव सांगत नाही. आफ्रिकेच्या पूर्वेकडचा आहे, एवढं पुरे. मार्था हे नावही खरं नाही, तिच्या घरातली बाकीची नावंही मी बदलली आहेत. क्रम तेवढा बदललेला नाही. माझं नाव खरं आहे. विलास शंकर भोकरे, तालुका वाळवा, जिल्हा सांगली. बारा वर्षांपूर्वीची गोष्ट. तेव्हा मी तिथल्या कारखान्यावर पॅन इन्चार्ज होतो आणि आम्ही सात भारतीय कारखान्याच्या कॉलनीत राहत होतो.

नेदरलँडची भानगड अशी. त्या वर्षी राजधानीत विद्यार्थ्यांनी मोर्चे काढले आणि सरकारनं निम्मं इंटरनेट बंद करून टाकलं. बातम्या बंद, व्हिडिओ कॉल बंद. घरी बायकोचा जीव टांगणीला. तेव्हा आमचा इन्स्ट्रुमेंट फिटर सदा लोहार माझा फोन घेऊन बसला. सदा शिरोळचा. त्याला बंद असलेली कुठलीही गोष्ट उघडून बघायची लहानपणापासूनची खोड.

“अण्णा, ह्यो ॲप एकदा चालू केला की सरकारला वाटतंय तुमी नेदरलँडात बसलाय. तिथनं सगळं उघडतंय. आपली आडवाट.”

“आणि सापडलो तर?”

“कॉलनीत कोण बघतंय? फकस्त गेटाभाईर जाताना काढून टाकायचा.”

मी ते वापरायला लागलो. बायकोला रोज दुपारी तोंड दाखवायचो आणि ती म्हणायची, “काय हो, कसं आहे तुमचं नेदरलँड?” मग मॅनेजर निंबाळकर साहेबांनी आम्हा सातही जणांना बोलावून सांगितलं, की असलं ॲप सापडलं तर परदेशी माणसाला विमानात बसवतात आणि इथल्या माणसाला आत टाकतात. सगळ्यांनी मान हलवली. ॲप कुणीच काढलं नाही.

मार्थानं नमुन्याची बाटली भरली, झाकण लावलं, पण गेली नाही.

“माझा भाऊ योनास,” ती म्हणाली, “सतरा दिवस झाले. वसतिगृहातून उचलला म्हणतात. राजधानीच्या भोवती चार तुरुंग आहेत. कुठल्या तुरुंगात आहे ते सांगत नाहीत. दारावर जाऊन विचारलं तर विचारणाऱ्यालाच आत घेतात.”

मी वाफेचा व्हॉल्व्ह थोडा फिरवला. गरज नव्हती.

“बाहेरच्या देशातले आमचे काही लोक आहेत. ते यादी काढतात. कोण कुठल्या तुरुंगात. त्यांची साइट इथं बंद आहे. तुम्ही एकदा बघाल?”

“यादीत सापडला तर काय होईल?”

तिनं अगदी थोडक्यात सांगितलं. रविवारी तुरुंगाच्या दारावर कपडे आणि जेवण घेतात. ज्याच्या नावानं घरून डबा येतो, त्याची पुस्तकात नोंद होते. नोंद झालेल्या माणसाला हलवत नाहीत, कारण मग घरचे दारावर बोंब मारतात. ज्याच्यासाठी कुणीच येत नाही त्याला महिन्यातून एकदा ट्रकमध्ये घालून वाळवंटातल्या मिठागरावर पाठवतात. तिथून परत आलेला माणूस तिच्या माहितीत नव्हता. पण चारातल्या चुकीच्या दारावर डबा घेऊन गेलं, तर जाणाराही आत.

“तुझ्या फोनवर ते ॲप का घेत नाहीस?”

“रोज बसमधून उतरवून फोन तपासतात.” मग तिनं खिशातून घडी घातलेली चिठ्ठी काढून पॅनच्या कट्ट्यावर ठेवली. “सदाला सांगू नका. कुणालाच सांगू नका.”

चिठ्ठीवर साइटचा पत्ता होता आणि खाली तीन शब्द. योनास पेट्रोस गेब्रिएल.

दोन दिवस मी ती चिठ्ठी खिशात घेऊन फिरलो. खरं सांगायचं तर घाबरलो होतो. विमानात बसवून घरी पाठवतील याची भीती नव्हती, गावात तोंड दाखवायची होती. पॅनमन म्हणून तीन जिल्ह्यांत माझं नाव होतं. भोकरेचा अंदाज चुकत नाही, असं लोक म्हणायचे आणि ते मला फार आवडायचं. पण दर दोन तासांनी ती यायची, नमुना घ्यायची आणि काहीही न विचारता जायची. ते विचारण्यापेक्षा वाईट होतं.

गुरुवारी, सहा फेब्रुवारीला, ड्यूटी संपवून तीनच्या सुमाराला क्वार्टरवर आलो. दार लावलं, पडदा ओढला. आधी आंघोळ केली, का ते माहीत नाही. मग ॲप चालू करून पत्ता टाकला.

साइट अगदी साधी होती. वरती इंग्रजी अक्षरं ओळीनं. अक्षर दाबलं की त्या अक्षराच्या नावांच्या कागदाचा फोटो उघडायचा. उघडायचा म्हणजे काय, वरून एकेक ओळ उतरायची आणि मध्येच आडवाट तुटायची. पुन्हा पहिल्यापासून. एक पान उघडायला मला पाऊण तास लागला. सगळी पानं बघायची तर दुसरा दिवस उजाडला असता आणि तेवढा वेळ चालू ठेवायची माझी छाती नव्हती.

पण त्याची गरजही नव्हती. याद्या वाचण्यात माझा हात धरणारा कुणी नव्हता. गावात प्रत्येक मतदानाला बूथबाहेरच्या टेबलावर यादी घेऊन मीच बसायचो. म्हातारीकोतारी यायची, मी म्हणायचो, “आडनाव सांगा, बाकीचं मी बघतो.” आणि ती पदर सावरेपर्यंत चिठ्ठी तिच्या हातात असायची. मी जी अक्षर दाबलं. गेब्रिएलचं जी.

पान उतरलं. गेब्रिएल सहा होते. गेब्रिएल मिखाएल इसाक. गेब्रिएल सॉलोमन पॉल. सहाही ओळी मी बोट ठेवून दोनदा वाचल्या. प्रत्येक नावापुढं वय, धंदा, तुरुंग. गेब्रिएल योनास पेट्रोस नव्हता. गेब्रिएलच्या आगेमागेही नव्हता. मी ॲप बंद केलं, चिठ्ठी गॅसवर जाळली आणि राख बेसिनमध्ये सोडली. मग चहा केला. एक अवघड काम नीट पार पडलं असं वाटत होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी दहाच्या नमुन्याला मार्था आली.

“बघितलं,” मी म्हणालो. “नाव नाही.”

“नक्की?”

“मिस गेब्रिएल, मी आयुष्यभर याद्या वाचतोय.”

ती कठड्याला धरून उभी राहिली. माझी अपेक्षा होती की ती रडेल. तिचा चेहरा मात्र हळूहळू मोकळा होत गेला.

“म्हणजे तो पकडला गेलाच नाही,” ती म्हणाली. “वसतिगृहातली काही मुलं मागच्या भिंतीवरून पळाली असं म्हणतात. ती सीमेपलीकडे गेली. तो त्यांच्यात असणार.”

“असेल,” मी म्हणालो.

त्या दिवशी संध्याकाळी तिच्या आईनं बऱ्याच दिवसांनी पोटभर जेवण केलं, हे तिनं दुसऱ्या दिवशी मला सांगितलं. तिचे वडील सीमेवरच्या गावाला निघाले, तिकडच्या छावण्यांत मुलाला शोधायला. मार्थानं मला घरून भाजलेले शेंगदाणे आणून दिले. ते मी आणि सदानं खाल्ले.

“कशाबद्दल ओ अण्णा?” सदानं विचारलं.

“चांगला दाणा धरला म्हणून,” मी म्हणालो. तो हसला.

दोन रविवार गेले.

वीस तारखेला, गुरुवारीच, निंबाळकर साहेबांनी फर्मान काढलं. हंगाम संपत आला, प्रत्येक खात्यानं आपापल्या कामगारांची यादी द्यायची, सगळ्यांना सर्टिफिकेट छापायची आहेत. पॅनवर माझ्याकडे चौदा माणसं. मी सुरेख अक्षरात यादी केली आणि टाइम ऑफिसात इसाक कारकुनाच्या टेबलावर ठेवली. इसाक जाडजूड, कायम आनंदी माणूस. त्यानं यादी वाचायला घेतली आणि हसत सुटला. हसता हसता त्यानं शेजारच्या टायपिस्टला बोलावलं. मग दोघं हसायला लागले.

“काय झालं?”

“मिस्टर विलास, तुम्ही सगळ्या मेलेल्या माणसांना सर्टिफिकेट देताय!”

“म्हणजे?”

“हा बघा. सॅम्युएल जॉन डेव्हिड. सॅम्युएल कोण? सॅम्युएल याचा आजोबा! तो कधीच मेला. हा माणूस जॉन.”

“पण सॅम्युएल त्याचं आडनाव ना?”

“आमच्याकडे आडनाव नसतं,” डोळे पुसत इसाक म्हणाला. “पहिलं नाव माणसाचं स्वतःचं. दुसरं त्याच्या बापाचं. तिसरं आजोबाचं. यादी पहिल्या नावानं लावायची. तुम्ही शेवटचं उचलून पुढं घातलंय.”

मी तिथून कसा निघालो ते आठवत नाही. पाऊलवाटेनं क्वार्टरकडे चालताना मात्र सगळं एकेक करून समजत गेलं. मला मिस्टर विलास का म्हणतात. मिस गेब्रिएल म्हटल्यावर ती का हसते. मी एका तरुण पोरीला चार वर्षं तिच्या आजोबांच्या नावानं हाक मारत होतो आणि ती बिचारी पाहुण्या माणसाला दुखवायचं नाही म्हणून हसत होती.

भर दुपार होती. पडदा ओढायचंही सुचलं नाही. योनासचं वाय अक्षर दाबलं आणि फोन धरून बसलो. आडवाट तीनदा तुटली. चौथ्यांदा पान उतरलं. वरून नववी ओळ. योनास पेट्रोस गेब्रिएल, वय एकवीस, विद्यार्थी, कापूस गोदामाजवळचा तुरुंग. पानाच्या कोपऱ्यात पान टाकल्याची तारीख होती. तीन फेब्रुवारी.

मी सहा तारखेला जी उघडलं, तेव्हा हे नाव तीन दिवस तिथं बसलेलं होतं.

त्या क्षणी काय वाटलं ते सांगतो. आधी त्या मुलाचं काहीच वाटलं नाही. मला लाज वाटली. एवढी लाज की कानांतून वाफ निघतेय असं वाटलं. उठलो, चप्पल घातली आणि तसाच लॅबमध्ये गेलो. मार्था बाटल्या धूत होती. रस्त्यानं जाताना मी वाक्यं जुळवली होती. माझी चूक झाली, मी तुझ्या आजोबांचं पान उघडलं, मला तुमची पद्धत माहीत नव्हती. तिनं वर बघितलं.

“काय झालं, मिस्टर विलास?”

“आज नवी यादी आलीय,” मी म्हणालो.

वाक्य तोंडातून गेलं आणि परत घेता आलं नाही. घेता आलं असतं, खरं तर. नुसतं तोंड उघडायचं होतं.

“त्यात त्याचं नाव आहे. कापूस गोदामाजवळचा तुरुंग.”

तिच्या हातातली बाटली बेसिनमध्ये पडली, फुटली नाही. ती माझ्यापाशी आली, माझा उजवा हात दोन्ही हातांत घेतला आणि त्यावर कपाळ टेकवलं. तिच्या हातांचा साबण माझ्या मनगटावर लागला.

“तुम्ही पुन्हा बघितलंत,” ती म्हणाली. “मी सांगितलं नसताना तुम्ही पुन्हा बघितलंत.”

रविवारी, तेवीस तारखेला, ती आणि तिची आई डबा आणि दोन सदरे घेऊन गेल्या. सोमवारी मार्था नेहमीसारखी दहाच्या नमुन्याला आली. मी काचेला डोळा लावून होतो.

“दारावरचा शिपाई चांगला होता,” ती म्हणाली. “हळूच सांगितलं त्यानं. मंगळवारी ट्रक गेला. अठरा तारखेला. त्यात तो होता. दोन रविवार त्याच्या नावानं कुणीच आलं नव्हतं.”

मी काचेवरचा डोळा काढला नाही.

“आई दारावर बसूनच राहिली. मी तिला म्हटलं, यादीच उशिरा आली, त्याला कोण काय करणार.” मग तिनं माझ्या दंडावर थोपटल्यासारखं केलं. “तुम्ही मनाला लावून घेऊ नका, मिस्टर विलास. तुम्हाला कळलं त्याच दिवशी तुम्ही धावत आलात.”

आत दाणा धरत होता. मी वेळेवर व्हॉल्व्ह फिरवला. त्या दिवशीची साखर उत्तम निघाली, सगळा दाणा एकसारखा. निंबाळकर साहेबांनी फोन करून शाबासकी दिली.

हंगाम संपल्यावर करार वाढवायचा नाही असं मी ठरवलं आणि गावी आलो. मार्थाचा मी नीट निरोपही घेतला नाही. तिनं मात्र दर नव्या वर्षी मेसेज पाठवला. तुम्हाला, मॅडमना आणि मुलीला शुभेच्छा. आमच्या घरात तुमचं नाव अजून निघतं. तिसऱ्या वर्षी तिची आई गेली, तेही तिनं कळवलं. सहाव्या वर्षी योनास परत आला. मिठाच्या उन्हात त्याचे डोळे गेले होते. उजेड कळायचा, अक्षर दिसत नव्हतं. शिक्षक व्हायचं होतं त्याला. मी तिला लिहिलं, परत आला हे महत्त्वाचं. तिनं लिहिलं, हो.

गेल्या वर्षी तिथलं सरकार गेलं आणि सगळ्या साइट उघडल्या. कुणालाही, कुठूनही दिसायला लागल्या. ऑगस्टमध्ये एके दिवशी दुपारी मी अंगणात पेपर वाचत असताना मार्थाचा मेसेज आला. शुभेच्छांचा महिना नव्हता. एक फोटो होता, वायच्या पानाचा. खाली तिनं लिहिलं होतं:

“कोपऱ्यात तीन फेब्रुवारी आहे. तुम्ही मला सात तारखेला सांगितलंत की नाव नाही. मला तारीख आठवते, त्या रात्री आई जेवली होती. तुम्ही काय बघितलं होतं?”

बायकोनं विचारलं, कुणाचा मेसेज. मी म्हणालो, आफ्रिकेतल्या मार्थाचा. “मग उत्तर द्या की,” ती म्हणाली, “चांगली पोरगी आहे.”

माझ्या मोडक्या इंग्रजीत मी तासभर लिहीत होतो. जी अक्षर, बूथबाहेरचं टेबल, इसाकचं हसणं, सगळं. काही लपवलं नाही. पाठवलं. दोन खुणा निळ्या झाल्या. बऱ्याच वेळानं उत्तर आलं.

“गेब्रिएल माझे आजोबा. मी दोन वर्षांची असताना गेले. पान चुकलं ते मी समजू शकते, आमच्याकडे तुमच्या याद्या असत्या तर मीही चुकले असते. पण नंतर ‘नवी यादी आली’ असं का म्हणालात? आईला मरेपर्यंत वाटत होतं की नशिबानं उशीर केला.”

याला माझ्याकडे एकच उत्तर होतं. मी लिहिलं, “लाज वाटली.”

खुणा निळ्या झाल्या. पुढं काही आलं नाही.

जानेवारी आला. मेसेज नाही. मी स्वतःहून शुभेच्छा पाठवल्या, तर एकच करडी खूण. तिचा फोटोही दिसेनासा झालेला. संक्रांतीच्या सुमाराला सदा घरी आला होता. त्याचं आता शिरोळला मोबाइलचं दुकान आहे. त्याला फोन दाखवला. त्यानं एक नजर टाकली.

“अण्णा, तुमाला ब्लॉक केलंय तिनं.”

“म्हणजे आता पोचत नाही?”

“ह्या नंबरावरनं न्हाई पोचत. पर त्यात काय एवढं?” त्यानं खिशातून स्वतःचा फोन काढला. जुनी खोड, डोळे चमकले. “माझ्याकडं दुसरं सिम हाय. त्यावरनं जातंय की. सांगा, काय लिहू?”

“नको,” मी म्हणालो.

“आवो, एका मिनटाचं काम हाय.”

“माहीत आहे,” मी म्हणालो. “राहू दे.”